मोठीचं तिखटगोड

मोठीने पळी पातेल्यातून वर काढली, पळीच्या पाठीला लागलेला लाल रस कडेवर निपटला आणि हात सवयीने उजवीकडे लांब केला. तिथे कोणी नव्हतं. खिडकी होती आणि खिडकीच्या कडीला वाळत घातलेलं फडकं होतं. पळी तशीच अधांतरी धरून ती उभी राहिली. रसाचा थेंब फरशीवर पडला तेव्हा कुठे तिने हात मागे घेतला, आणि आपल्याला कोणी पाहिलं तर नाही ना, म्हणून दाराकडे नजर टाकली.

त्या उजव्या जागेवर वर्षानुवर्षं तिची धाकटी जाऊ उभी असायची. आता ती जागा रिकामी होती.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. सासऱ्यांना पंचाहत्तर वर्षं पूर्ण होत होती. उभं आयुष्य लोकांची घड्याळं दुरुस्त करण्यात घालवलेला तो अबोल माणूस. त्यांनी आपणहून कधी काही मागितलं नव्हतं, पण या वेळी म्हणाले, मागच्या अंगणात सगळे जमू, मोठीचं तिखटगोड करू. म्हणजे चाळीस माणसं, दुपारचं जेवण, आणि मोठीच्या नवऱ्याने बस डेपोतलं जुनं तेलाचं पिंप उभं चिरून, त्याला पाय जोडून केलेली ती भली थोरली शेगडी.

तिखटगोड म्हणजे कोंबडी निखाऱ्यांवर भाजण्याआधी ज्यात मुरत ठेवायची तो रस. सुक्या लाल मिरच्या बिया झाडून कढत पाण्यात भिजत घालायच्या, मऊ झाल्या की लसूण-आल्याबरोबर गंधासारख्या बारीक वाटायच्या. त्यात संत्र्यांचा रस, लिंबू, भरड मिरपूड, जरासं तेल आणि मध. मीठ सगळ्यात शेवटी. मग कोंबडीच्या तुकड्यांना सुरीने चरे पाडून ते त्यात बुडवून ठेवायचे, दुसऱ्या दिवसापर्यंत. कागदावर लिहायला गेलं तर चार ओळींचं काम. पण दरवर्षीच्या अंगणातल्या जेवणाला ते मोठीच्या हातचंच लागायचं, आणि त्यालाही एक कारण सांगितलं जायचं.

मोठीचं व्रत होतं. संध्याकाळी देवापुढे दिवा लागेपर्यंत पाण्याशिवाय तोंडात काही घालायचं नाही, जिभेला काही लावायचंही नाही. बारा वर्षांपूर्वी डेपोत बसखाली काम करताना जॅक सरकला आणि नवरा नऊ दिवस बेशुद्ध पडून होता. त्या नऊ दिवसांत तिने देवाला हा शब्द दिला होता, आणि तो उठून बसल्यावरही पाळला होता. एक दिवस चुकला नाही, ताप असताना नाही, प्रवासात नाही. व्रत खरं होतं. हे आधीच सांगितलेलं बरं, कारण पुढे जे झालं त्यात व्रताचा काही दोष नव्हता.

धाकटी त्याच सुमारास लग्न होऊन घरात आली. कपडे मापाला बसवून देणाऱ्या दुकानात ती काम करायची. बोलणं कमी, हात चलाख. पहिल्याच वर्षी मोठीने पळी तिच्यापुढे धरली आणि म्हणाली, चाख गं, मला चालत नाही. धाकटीने पळीच्या पाठीला बोट लावलं, ते जिभेवर टेकवलं, डोळे मिटले. मग म्हणाली, "हं." तेव्हापासून तीच रीत पडली. "हं" म्हणजे झालं. "अंहं" म्हणजे काहीतरी राहिलंय. पण "अंहं" ती फारच क्वचित म्हणायची, आणि मोठीला त्याचा आनंद व्हायचा.

मग कधीतरी जेवताना कोणीतरी म्हणालं, ही बाई चाखतसुद्धा नाही आणि तरी बघा. सासूबाईंनी ते वाक्य उचललं. दरवर्षी त्यात थोडी भर पडत गेली. जिभेला न लावता, कोणाला न विचारता, नुसत्या नजरेने. व्रताचा गुण आहे तो, देव हातात उतरतो. धाकटीचं बोट या गोष्टीतून कधी गळून पडलं ते कोणाच्या लक्षात आलं नाही. घरातल्यांना ती पळीपाशी उभी दिसायची, पण तिला चाटायला आवडतं एवढाच त्याचा अर्थ राहिला. पहिल्या एक-दोन वेळा मोठी "छे हो" म्हणाली. पुढे नुसती हसायची. त्याच्याही पुढे तिने मान खाली घालायला सुरुवात केली. आणि खाली घातलेली मान बघणाऱ्याला नम्रपणाच वाटते.

एवढंच असतं तरी चाललं असतं. पण आणखी एक गोष्ट होती, आणि ती फक्त मोठीला ठाऊक होती.

रस तयार झाला की ती हात धुऊन शेजारच्या खोलीत देवापुढे जाऊन उभी राहायची. तिसऱ्या की चौथ्या वर्षी, अशीच हात जोडून उभी असताना, स्वयंपाकघरातून तिला आवाज आला. टक. फळीवरच्या घट्ट झाकणाच्या डब्याचं झाकण चमच्याच्या दांड्याने उचकटल्याचा. मग पळी पातेल्यात फिरल्याचा. पुन्हा झाकण दाबल्याचा. धाकटी रसात काहीतरी घालत होती. मोठीला लगेच कळलं, आपलं मीठ कमी पडत असणार आणि ही ते पुरं करते आहे. तिथल्या तिथे तिने आत जायला हवं होतं. हसून म्हणायला हवं होतं, अगं, मला सांग ना. ती गेली नाही. आवाज थांबेपर्यंत डोळे मिटून हात जोडून उभी राहिली, आणि मग मुद्दाम दाराशी पाय वाजवत आत गेली. त्यानंतर दरवर्षी ती तशीच उभी राहायची. देवापुढे उभं राहून टक ऐकायची आणि मग यायची.

बाहेरची मंडळी संध्याकाळच्या आत पातेलं चाटूनपुसून मोकळी व्हायची, म्हणून दिवा लागल्यावरही तिच्या वाट्याला काही उरायचं नाही. धाकटी सुरुवातीला तिच्यासाठी एक तुकडा वाटीखाली झाकून ठेवायची. मोठी तो नवऱ्याला द्यायची, म्हणायची, मला नको वाटतं. खरं म्हणजे तिला तो खायची भीती वाटायची. खाल्ला असता तर कळलं असतं, की आपण केलं होतं ते हे नाही.

गेल्या वर्षी अंगणात डेपो मॅनेजरची बायको पाहुणी म्हणून आली होती. तिने सहज विचारलं, आणि या धाकट्या सूनबाई काय करतात? सासूबाई म्हणाल्या, "ही होय? हिला पळी चाटायला ठेवली आहे." सगळे हसले. धाकटीही हसली, आणि हसता हसता तिने मोठीकडे पाहिलं. नुसतं पाहिलं, मागितलं काहीच नाही. मोठी तेव्हा ताटल्या एकावर एक रचत होती. तिने त्या पुन्हा उतरवल्या आणि पुन्हा रचल्या.

तीन आठवड्यांनी धाकट्या जोडप्याने दोन गल्ल्या सोडून खोली घेतली. दिराचं काम तिकडून जवळ पडतं, असं ठरलं सगळ्यांचं सांगायचं. भांडण नाही, तंटा नाही. जाताना धाकटी मोठीला वाकून नमस्कार करून गेली, आणि त्या नमस्काराने मोठीला जे झालं ते शिव्यांनी झालं नसतं.

तर आता पातेलं पुढ्यात होतं आणि चाखायला कोणी नव्हतं. सासूबाईंची चव गोळ्यांनी केव्हाच गेली होती. नवऱ्याला हाक मारावी, तर तो भाबडा माणूस विचारणार, तुला कधीपासून चाखून घ्यावं लागायला लागलं? दोन गल्ल्या ओलांडून धाकटीकडे वाटी घेऊन जावं, हे तर सकाळपासून तिच्या मनात चार वेळा येऊन गेलं होतं. एकदा तिने वाटी भरलीसुद्धा. चपला घातल्या. जिन्यात सासूबाई शेजारणीला सांगत होत्या, "माझी मोठी नजरेनेच मीठ ओळखते." मोठी चपला काढून परत आली आणि वाटीतला रस पातेल्यात ओतून दिला.

मग तिने हिशोबी डोकं लावलं. आपण नेहमी घालतो तेवढं मीठ घालायचं, आणि धाकटी मागून जे घालायची ते आपणच घालायचं. त्या टक आवाजानंतर पळी बराच वेळ फिरायची, म्हणजे थोडंथोडकं नसणार. तिने मिठाचा डबा उचकटला. टक. आपलं नेहमीचं माप घातलं. मग धाकटीचं म्हणून आणखी एक मूठ. थोडं थांबली, आणि अर्धी मूठ वर. कोंबडीचे चरे पाडलेले तुकडे रसात दाबून बसवले, झाकण ठेवलं, आणि देवापुढे जाऊन उभी राहिली. त्या दिवशी ऐकायला काहीच नव्हतं.

रविवारी दुपारी अंगण भरलं. नवऱ्याने पिंपाच्या शेगडीत कोळसे फुलवले होते, आणि ब्रेकवाला पुठ्ठ्याने वारा घालत उभा होता. हा डेपोतला त्याचा दोस्त. बसचे ब्रेक बसवण्यात त्याचा हात धरणारं कोणी नव्हतं, पण स्वतःच्या जिभेला ब्रेक बसवायचा राहून गेलाय, असं त्याची बायकोच सांगायची. जाळीवर तुकडे पडले, मध करपायला लागला तसा तो गोडसर, खमंग वास भिंतीपलीकडे गेला आणि वरच्या मजल्यावरच्या खिडक्या उघडल्या. धाकटी दिराबरोबर वेळेवर आली होती. सासऱ्यांच्या पाया पडली, पावाची टोपली ठेवायला आणि पाण्याची भांडी भरायला स्वयंपाकघरात जाऊन आली, आणि मग भिंतीकडेच्या बाकावर पाहुण्यासारखी बसून राहिली. मोठीशी बोलली ते एवढंच, "बरी आहेस ना, ताई?"

पहिला तुकडा सासऱ्यांना. त्यांनी तो तोंडात घातला, चावला, चावणं मध्येच मंदावलं. त्यांनी पाणी घेतलं. "छान," ते म्हणाले, आणि दुसरा तुकडा ताटलीच्या कडेला सरकवून ठेवला.

मोठी बघत होती. ताटल्या हातोहात गेल्या आणि अंगणातलं बोलणं एकदम कमी झालं. लोक चांगले होते. कोणी तोंड वाकडं केलं नाही. पण पाव भराभर संपायला लागला. पाण्याचा जग एकदा भरून आणला, दुसऱ्यांदा भरला, तिसऱ्यांदा लोक स्वतःच उठून नळाशी जायला लागले. शेजारणीच्या लहान मुलीने घास हातावर काढला आणि आईला दाखवला. आईने तो गुपचूप रुमालात गुंडाळला.

"वहिनी," ब्रेकवाला शेवटी म्हणालाच, "आज देव हातात उतरला, पण येताना समुद्रावरून आला वाटतं."

लोक हसले, हसायला मिळालं म्हणून बरंही वाटलं त्यांना. विषय तिथेच मिटला असता. मोठीच्या तोंडाशी शब्द आलाही होता. पण सासूबाईंना ते हसणं लागलं. त्यांनी ताटली खाली ठेवली आणि हळू आवाजात, पण सगळ्या अंगणाला ऐकू जाईल अशा बेताने म्हणाल्या, इतक्या वर्षांत जे कधी झालं नाही ते आजच कसं झालं, याचा विचार करा. पातेलं रात्रभर नीट होतं. सकाळपासून स्वयंपाकघरात मोठीशिवाय कोण कोण जाऊन आलं, ते ज्याचं त्याला ठाऊक. वेगळं निघाल्यावरही काहींच्या मनातली आच विझत नाही.

कोणी नाव घेतलं नाही. घ्यायची गरज नव्हती. बाकाकडे पाहायचं टाळता टाळता सगळ्यांनी बाकाकडे पाहिलं. दीर उठायला लागला, तर धाकटीने त्याच्या मनगटावर हात ठेवून त्याला खाली बसवलं. आपल्या ताटलीतल्या पावाचा तुकडा ती बोटांनी मोडत राहिली. आणि मोठीला दिसलं, की या वेळी तिने आपल्याकडे पाहिलंसुद्धा नाही. गेल्या वर्षी पाहिलं होतं. यंदा तेवढीही आशा तिने ठेवलेली नव्हती.

मोठीच्या कानांपासून मानेपर्यंत आग पसरली. जवळ रचायला ताटल्या होत्या. हात तिकडे वळलेही होते. ते तिने ओढून मागे घेतले.

"मीठ मी घातलं," ती म्हणाली. आवाज तिचा मुळातच बारीक, कोणाला नीट ऐकू गेला नाही, म्हणून तिला पुन्हा म्हणावं लागलं. "काल मी घातलं. चाखलेलं नव्हतं. इतकी वर्षं ही चाखायची, आणि माझ्यामागे त्यात काय कमीजास्त ते बघून नीट करायची. मला माहीत होतं. मी बोलले नाही."

ब्रेकवाला घसा खाकरून म्हणाला, वहिनी, तुमचं मन मोठं. शेजारण डोळे टिपायला लागली. सासूबाईंचा तर चेहराच उजळला. "बघितलंत?" त्या म्हणाल्या. "दुसऱ्याचं पाप पदरात घेते ही. म्हणून तर देव प्रसन्न आहे हिला."

मोठीला वाटलं, पायाखालची जमीन दुभंगली तर बरं. खरं सांगितलं तर तेही तिच्याच पुण्याच्या खात्यात जमा झालं. वर्षानुवर्षं गप्प बसून तिने जी मूर्ती उभी केली होती, तिला आता तिचे स्वतःचे शब्दही धक्का लावू शकत नव्हते. आणि धाकटी तिथेच, बाकावर, मघाच्याइतकीच आरोपी होती. वर आता तिला माफ केल्यासारखे सगळे बघत होते.

ती शेगडीपाशी गेली. जाळीवरचा एक तुकडा तिने हाताने उचलला. चटका बसला, तरी सोडला नाही. ऊन डोक्यावर होतं. दिवा लागायला सहा तास होते.

"अगं, तुझं व्रत," नवरा म्हणाला.

तिने तुकडा तोंडात घातला.

पहिल्यांदा मिरचीचा झटका आला, आणि पाठोपाठ मीठ आलं. नुसतं खारट नव्हे, कडवट, जिभेच्या मुळाशी जाऊन बसणारं मीठ. डोळ्यांत पाणी उभं राहिलं. थुंकून टाकावंसं वाटलं. ती चावत राहिली, सावकाश, सगळ्यांसमोर, आणि सगळं गिळेपर्यंत पाण्याला हात लावला नाही.

"हे माझ्या हातचं," ती म्हणाली. "हे असं असतं. तुम्ही इतकी वर्षं खाल्लंत ते हिचं होतं."

या वेळी कोणी तिला मोठ्या मनाची म्हणालं नाही. सासूबाईंनी खाली ठेवलेली ताटली पुन्हा उचलली. नवरा हातातल्या चिमट्याकडे बघत राहिला, जणू तो आज पहिल्यांदाच दिसला होता. कोणाला कुठे बघावं कळेना. आणि मोठीला वाटलं, हे बरोबर आहे. हे असंच वाटायला हवं होतं.

बोलले ते सासरे. "अर्धं पातेलं अजून आत आहे ना?" त्यांनी धाकटीला विचारलं. "बघ गं पोरी, काही होतं का त्याचं."

धाकटी उठली. मोठी तिच्या मागून आत गेली.

स्वयंपाकघरात धाकटीने झाकण काढलं, रसात बोट बुडवून जिभेला लावलं आणि तोंड असं केलं की एरवी कोणीही हसलं असतं. मग तिने बाह्या वर सारल्या. तुकडे आधी धुवायचे, तिने सांगितलं. आत मुरलंय ते निघायचं नाही, वरचं निघेल. मग पातळ काप करायचे, म्हणजे घासाला मीठ कमी येईल. नवा रस करायचा, बिनमिठाचा, संत्री दुप्पट. मोठी निमूटपणे संत्री कापायला लागली.

"दोन मुठी घातल्यास?" धाकटीने विचारलं.

"अडीच. एक माझी. दीड तुझी म्हणून."

"माझी?"

मोठीने टकची गोष्ट सांगितली. देवापुढे उभं राहून ऐकल्याची. धाकटीचे हात पाण्यातच थांबले.

"तो साखरेचा डबा, ताई," ती म्हणाली. "मिठाचा कशाला उघडीन मी? रसातलं मीठ काढून घेता आलं असतं तर काढलं असतं. तुझा हात मिठाला जड आहे. उपाशी माणसाचा असतोच. माझी आईसुद्धा उपवासाला असली की सगळं खारट करायची."

म्हणजे जे कमी पडतंय असं मोठीला वाटत होतं, ते मुळात जास्तच होतं. लोक ज्या गोडीची तारीफ करायचे, ती तिचं मीठ झाकायला घातलेली होती. तिने लिंबू चिरलं आणि अर्धं हातात तसंच धरून ठेवलं.

धाकटीने तुकडे निथळत ठेवले. मग, मागे न वळता, तिने विचारलं, "बाहेर म्हणालीस, माहीत होतं. खरंच माहीत होतं?"

"हो."

"कधीपासून?"

"तिसऱ्या-चौथ्या वर्षापासून."

धाकटीने नळ बंद केला. "मला वाटायचं, तुला ठाऊकच नाही," ती म्हणाली. "म्हणून मी तुझ्यामागे करायचे. म्हटलं, एवढं कडक व्रत करते, हिच्या मनाला लागायला नको. गेल्या वर्षी तू गप्प बसलीस तेव्हासुद्धा मी यांना सांगितलं, तिला काय माहीत बिचारीला." ती थांबली. "बिचारी म्हटलं होतं मी तुला."

मोठीला क्षमा मागायची होती. पण तो शब्द जिभेवर घ्यायलाही तिला लाज वाटली. इतक्या उशिरा, इतक्या कमी किमतीचा शब्द. बाहेर चाळीस माणसांसमोर बोलताना जे अवघड गेलं नव्हतं, ते या एका पाठमोऱ्या बाईसमोर अवघड जात होतं. संध्याकाळी दिवा लावताना देवाला काय सांगायचं, तेही तिला सुचत नव्हतं. व्रत आज दुपारी मोडलं, असं सांगायचं? की ते त्या पहिल्या टक आवाजालाच मोडलं होतं आणि ती उगाच आपली उपाशी राहत आली होती?

मिरच्या वाटून झाल्या. रस पातेल्यात पडला, मध पडला. धाकटीने पळी फिरवली, वर काढली, कडेवर निपटली. आणि स्वतःचं बोट न लावता तिने ती डावीकडे, मोठीपुढे धरली.

"चाख."

"मी?"

"आज मोडलंच आहे ना तुझं. चाख."

मोठीने पळीच्या पाठीला बोट लावलं, जिभेवर टेकवलं, डोळे मिटले. तिखट लगेच लागलं. संत्र्याची आंबट गोडी मागून आली. पण पुरेसं की अपुरं, हे तिला काही उमगेना. बारा वर्षं ही चव तिच्या नावावर होती आणि तिची तिलाच ओळख नव्हती.

"काय?" धाकटी म्हणाली. "हं, की अंहं?"

"कळत नाही गं."

"मग कळेपर्यंत चाख," धाकटी म्हणाली. ती हसली नाही. पण पळीही मागे घेतली नाही.

बाहेरून ब्रेकवाल्याने हाक दिली, निखारे बसायला लागलेत म्हणून. मोठीने पुन्हा बोट लावलं. तिसऱ्यांदा लावलं. मग खाली मान घालून, खरोखर भीत भीत, विचारलं, "लिंबू... जरासं?"

धाकटीने तिच्याकडे न बघता मघाचं अर्धं लिंबू तिच्या पुढ्यात सरकवलं.